डाव्या कानाची सुनावणी

घरावर सौर पॅनल बसवायचं ठरलं, तेव्हा त्यात एक चिंचेचं झाड, मुख्याधिकारी मॅडम आणि लालमियाँचा डावा कान येणार आहे असं कुणी सांगितलं असतं, तर मी वीज वापरणंच सोडून दिलं असतं. पण असल्या गोष्टी आधी सांगायला कुणी येत नाही. नंतर मात्र सगळे येतात.

आमचं गाव जालना जिल्ह्यात आहे. सकाळी मंठ्याच्या बाजाराला जाऊन दुपारी जेवायला परत येता येईल इतकं जवळ, आणि स्वतःची नगरपंचायत असण्याइतकं मोठं. नाव सांगत नाही, कारण त्या नगरपंचायतीत माझं अजून येणंजाणं आहे. इथल्या शाळेत मी कनिष्ठ लिपिक म्हणून लागलो आणि गेल्या वर्षी वरिष्ठ लिपिक म्हणून निवृत्त झालो. गाव मला 'सर' म्हणतं. मी उभ्या जन्मात कुणाला काही शिकवलेलं नाही. पण शाळेच्या फाटकातून जो इन केलेला शर्ट बाहेर पडतो तो सर, अशी आमच्याकडची समजूत आहे आणि तीत दुरुस्ती सुचवावी असं मला कधी वाटलं नाही.

माझी खरी ओळख म्हणजे अर्ज. गावात कुणालाही कसलाही अर्ज करायचा असला की तो माझ्या ओसरीवर येतो. विषय, संदर्भ, महोदय, उपरोक्त विषयान्वये सविनय सादर की. माझा अर्ज आजवर कुठल्याही कार्यालयानं अपूर्ण म्हणून परत पाठवलेला नाही. नामंजूर पुष्कळ झाले, तो भाग निराळा. त्यात अर्जाचा दोष नव्हता.

दुसरी ओळख मला आवडत नाही, पण पुढे तिचं काम पडणार आहे म्हणून सांगतो. 'काही हरकत नाही' हे माझ्या तोंडात बसलेलं वाक्य आहे. बत्तीस वर्षं आठ मुख्याध्यापकांसमोर उभं राहिलं की ते बसतंच. पाय तुडवला, काही हरकत नाही. रजा नाकारली, काही हरकत नाही. आमच्या लग्नात जेवणाच्या पंगतीतून मलाच उठवलं होतं, तेव्हाही मी हेच म्हणालो, असं बायको, बेबीनंदा, येईल त्या पाहुण्याला सांगते.

तर पॅनल. पॅनलवाला मार्चमधल्या एका दुपारी गच्चीवर चढला, डोळ्यांवर हात धरून पश्चिमेला बघत राहिला आणि म्हणाला, "सर, ही फांदी काढा. न्हाईतर तीन वाजले की तुमची वीज झोपायला जाईन."

रस्त्याच्या वळणावर चिंचेचं जुनं झाड आहे. त्याची एक जाड फांदी रस्ता ओलांडून थेट आमच्या गच्चीवर आलेली आहे. वर्षानुवर्षं ती तिथंच होती, पण पॅनलवाल्यानं बोट दाखवेपर्यंत तिचा काही त्रास आहे हे आम्हाला ठाऊक नव्हतं.

बातमी गल्लीत पसरली आणि सल्ले सुरू झाले. एकानं मुळाशी हिंग पुरायला सांगितलं. एकजण म्हणाला, रविवारी कापून टाका आणि सोमवारी वाऱ्यानं पडली म्हणा. शेजारचे राधेश्याम शेठ, ज्यांचं कापडाचं दुकान झाडाच्या पलीकडे आहे, ते म्हणाले, "फांदी कायला सर, झाडच काढा ना. माझा बोर्ड बघा. एवढं 'राधेश्याम ड्रेसेस' लिहिलेलं हाय, पण एसटीतून उतरलेल्या माणसाला नुसता 'ड्रे' दिसतो."

मी सगळ्यांना एकच उत्तर दिलं. झाड नगरपंचायतीचं आहे, मी रीतसर अर्ज करणार. हे बोलताना माझा आवाज जरा चढला असावा, कारण बेबीनंदानं आतून चहाचा गॅस बंद केला.

आता त्या झाडाखाली कोण बसतं ते सांगायला हवं. लालमियाँ बसतात. वय सत्तरच्या पुढे. पत्र्याचं काम. धान्याच्या कोठ्या, पेट्या, चाळण्या, पाण्याच्या बादल्यांना नवं बूड. आमच्या घरातली पिठाची कोठी त्यांच्या हातची आणि मी शाळेत रुजू झालो तेव्हा कागद ठेवायला घेतलेली पेटीही त्यांच्याच हातची. दोन्ही अजून शाबूत आहेत. पन्नास वर्षं पत्र्यावर हातोडा मारून त्यांचा उजवा कान पार गेला आहे. डाव्या कानाशी तोंड नेऊन ओरडलं तर ऐकू येतं. त्यामुळे लालमियाँशी कुणी काहीही बोललं तरी ते एसटी स्टँडपर्यंत ऐकू जातं. त्यांची सून फरजाना बारावी शिकलेली आहे. ती दुपारी डबा घेऊन येते, कुणाचा कागद आला असला तर वाचून दाखवते आणि जाते.

नगरपंचायतीत छापील अर्ज मिळाला. त्यात एक ओळ होती: 'वृक्ष तोडणे / फांदी छाटणे (लागू नसेल ते खोडावे)'. इथं माझं तत्त्व आडवं आलं. अर्जात खाडाखोड करणं मला सहन होत नाही. मी विचार केला, जे लागू नाही ते खोडण्यापेक्षा जे लागू आहे ते अधोरेखित करू. कुठल्याही शहाण्या माणसाला कळेल. पट्टी घेतली आणि 'फांदी छाटणे' या शब्दांखाली झकास रेघ मारली.

त्याच आठवड्यात मला नवा चष्मा लागला होता, वरून लांबचं आणि खालून जवळचं दिसणारा. मला जी रेघ शब्दांखाली दिसत होती, ती शब्दांच्या पोटातून गेलेली होती.

आठ दिवसांनी झाडाच्या बुंध्याला नोटीस लागली. ती दिसली तेव्हा मी दूध घेऊन येत होतो. गोल शिक्का, जावक क्रमांक, आणि दुसऱ्याच ओळीत माझं पूर्ण नाव. खरं सांगतो, पहिल्यांदा मला अभिमान वाटला. श्री. राजानंद खंडेराव मिसाळ. सरकारी कागदावर आपलं नाव इतकं शुद्ध छापलेलं बघायला मिळत नाही. मग पुढे वाचलं. सदर अर्जदाराने चिंचेचा वृक्ष, वय अंदाजे ऐंशी वर्षे, तोडण्याची परवानगी मागितली असून, कोणाची हरकत असल्यास सात दिवसांत लेखी सादर करावी. हरकतदारांचे म्हणणे ऐकून घेऊन निर्णय घेण्यात येईल.

लालमियाँ तिथंच, माझ्याकडे पाठ करून, एका कोठीचं झाकण ठोकत होते. मी दुधासकट पळालो. पुढे बेबीनंदा म्हणाली की दुपारी फरजाना त्या कागदापाशी बराच वेळ उभी होती. मी म्हणालो, उभी असेल सावलीला.

नगरपंचायतीत झाडांचं टेबल भुजंगरावांकडे आहे. शांत माणूस. कुणी काही बोललं की ते लिहून घेतात, जसंच्या तसं, आणि हाच त्यांचा गुण पुढे माझ्या मुळावर आला. त्यांनी माझा अर्ज काढून दाखवला.

"छाटणे खोडलेलं हाय, सर. पट्टीनं. इतकं साफ खोडलेलं मी नोकरीत पाहिलं न्हाई."

"अहो, ते अधोरेखित आहे!"

भुजंगरावांनी अर्ज उजेडात धरला, तिरपा धरला, मग परत टेबलावर ठेवला. "असंन. पण अधो दिसत न्हाई."

मी म्हणालो, अर्ज मागे घेतो. ते म्हणाले, घ्या की. पण राधेश्याम शेठनं सकाळीच एक अर्ज दिला होता, 'श्री. मिसाळ सर यांच्या स्तुत्य मागणीस आमचा पाठिंबा असून आमचीही तीच मागणी आहे'. माझा अर्ज निघाला तरी शेठचा राहणार. "आता ते झाडाचं प्रकरण झालं, सर. नव्या मुख्याधिकारी मॅडम समद्यांचं ऐकून घेतल्याबिगर सही करत न्हाईत. येत्या मंगळवारी सुनावणी हाय." हे सांगताना त्यांचा आवाज उगीचच खाली आला. माझीही मान आदरानं खाली गेली. बत्तीस वर्षांत मी बदल्या, चौकशा, तपासण्या, सगळं पाहिलं. पण निर्णयाच्या आधी कुणी ऐकून घेतं हे पाहिलं नव्हतं.

त्याच दिवशी दिवेलागणीला लालमियाँ ओसरीवर आले.

"सर, कोन नालायक हाय म्हाईत न्हाई, आपली चिंच तोडाया निघाला. हरकत लिव्हायची हाय. जरा कसून लिव्हा."

मी हातातला कप खाली ठेवला. त्यांना खरं सांगायचं मी तिथल्या तिथं ठरवलं. पण कबुली ही हळू आवाजात द्यायची गोष्ट आहे, आणि लालमियाँना हळू आवाजात काहीच सांगता येत नाही. 'तो नालायक मीच' हे वाक्य डाव्या कानाशी ओरडायचं म्हणजे स्टँडवरच्या कंट्रोलरलाही कळणार. समोर राधेश्याम शेठ दुकानाचं शटर ओढत होते. मी पॅड आणि पेन घेतलं.

"लिव्हा. अर्जदाराला अक्कल न्हाई."

मी लिहिलं, 'अर्जदाराने सारासार विचार केलेला दिसत नाही'.

"लिव्हा. त्याच्या बापानं लावलं का झाड?"

'अर्जदाराचा सदर वृक्षाशी कोणताही वडिलोपार्जित संबंध नाही.'

"अन् लिव्हा, त्याला थोडी शरम पायजे व्हती."

हे सरकारी भाषेत कसं आणावं ते मला बराच वेळ सुचेना. शेवटी 'सदर बाब खेदजनक आहे' असं लिहिलं. खरोखरच होती.

प्रत्येक वाक्यानंतर लालमियाँ थांबायचे आणि माझ्या तोंडाकडे बघायचे. "तुमच्या मनाचं अजून काही घालायचं का, सर?" मी मान हलवायचो. ते उठून जायचे आणि दुसऱ्या दिवशी त्याच वेळेला परत यायचे. "काही सुचलं का?" असे चार दिवस ते माझ्या ओसरीवर येऊन बसले. चारही दिवस मी त्या हरकतीत मुद्दे वाढवत गेलो. ती सहा पानांची झाली. स्वतःविरुद्ध इतकं सुरेख मी पूर्वी कधी लिहिलेलं नव्हतं, आणि चौथ्या दिवशी तर वाचताना माझंच मत माझ्याविषयी वाईट झालं.

"सांगून टाका की," बेबीनंदा म्हणाली. "किती दिस त्या म्हाताऱ्याला चकरा मारायला लावून राह्यले?"

"संधी मिळू दे."

"रोज संधी येऊन चहा पिऊन जाते," ती म्हणाली.

लालमियाँनी शेवटच्या पानावर उर्दूत सही केली आणि सुनावणीला जायचा अधिकारही मलाच लिहून दिला. "मला ऐकू येत न्हाई, मंग सुनावणीत मी काय सुननार? तुम्हीच जा."

मंगळवारी मी इस्त्रीचा शर्ट घालून गेलो. सभागृहात डावीकडे एक बाक अर्जदारांचं, उजवीकडे एक हरकतदारांचं. भुजंगरावांनी पुकारा केला.

"अर्जदार, राजानंद मिसाळ?"

"हजर."

"हरकतदार, शेख लालमियाँ. यांच्यातर्फे?"

"हजर."

भुजंगरावांनी मान वर केली. "सर, तुम्ही कोनाकडून?"

"दोन्हीकडून."

त्यांनी ते लिहून घेतलं. पण मला बसवायचं कुठं हा पेच नियमात सुटेना. डाव्या बाकावरून राधेश्याम शेठ सरकून जागा करत होते. मी दोन्ही बाकांच्या मध्ये, पाण्याच्या जारला टेकून उभा राहिलो. असं पाऊण तास उभं राहिल्यावर निरोप आला की मॅडमना जिल्ह्याची व्हीसी, म्हणजे व्हिडिओवरची बैठक, लागली आहे. भुजंगराव म्हणाले, "मॅडम तर काही मोकळ्या होत न्हाईत. मी हजेरी अन् काय ते दोन ओळी लिहून घेतो. लालमियाँतर्फे तुम्ही हायेतच. चालंन ना, सर?"

"काही हरकत नाही," मी म्हणालो.

त्यांनी लिहिलं. मी सही केली. ज्या माणसानं बत्तीस वर्षं सगळ्या शाळेला वाचल्याशिवाय सही करू नका म्हणून सांगितलं, त्यानं वाचल्याशिवाय सही केली, कारण भुजंगरावांना घाई होती आणि त्यांना अडवून धरणं बरं दिसलं नसतं.

गुरुवारी सकाळी राधेश्याम शेठ पेढे घेऊन दारात. "सर, मानलं तुम्हाला! आता कळलं दोन्हीकडून का उभे राह्यले ते."

शेठनी मोबाइलवर सुनावणीच्या रोजनाम्याचा फोटो दाखवला. त्यात लिहिलं होतं, 'हरकतदारातर्फे प्रतिनिधी समक्ष हजर. विचारले असता काही हरकत नाही असे सांगितले. सबब हरकत निकाली'. त्याखाली माझी सही, वळणदार. झाड तोडण्याचा आदेश टाइप होऊन मॅडमच्या टेबलावर गेला होता.

पेढा माझ्या घशात अडकला. बेबीनंदानं पाणी दिलं आणि पेढे परत बांधून ठेवले. ती गोड बांधून ठेवते तेव्हा फार वाईट झालेलं असतं. समोर झाडाखाली लालमियाँ बसले होते. मला बघून त्यांनी हात वर केला. निकाल काय लागला, असं हातानंच विचारलं. मी हातानंच, येतो, असं सांगितलं आणि निघालो.

मॅडमच्या दालनाबाहेर मी तीनदा शर्ट आत खोचला. आत गेलो तर तिशीतली मुलगी. समोर फायलींची चवड, त्यावर गार झालेला चहा. ती म्हणाली, "बसा, काका."

हे मला लिहून ठेवायचं आहे. सरकारी दालनात मला कुणी बसा म्हणालं ही पहिली वेळ. मला खुर्चीच्या कुठल्या भागावर बसायचं ते कळेना. कडेला बसलो आणि सगळं सांगितलं. पॅनल, पट्टी, चष्मा, शेठचा पाठिंबा, सहा पानं, माझं ते मेलं वाक्य. पाव तास मी बोलत होतो. मॅडमनी त्या पाव तासात एकदाही मोबाइल उलटा-सुलटा केला नाही. दोनदा मध्येच थांबवून विचारलं, आणि तेही मी जे बोललो त्याबद्दलच! पट्टीच्या ठिकाणी त्या हसल्या, पण चांगलं हसल्या. बोलता बोलता मला जाणवलं की आपण बोलतोय ते कुठंतरी जाऊन पोचतं आहे. मला चष्मा काढून पुसावा लागला. फांदीच्या अर्जासाठी असं होणं हास्यास्पद आहे, पण झालं.

"तुमचं ऐकलं," मॅडम म्हणाल्या. "पण हरकत तुमची नाही ना? ज्यांची आहे ते कुठं आहेत?"

"ते येऊन काय करणार, मॅडम? त्यांना ऐकू येत नाही."

"मला येतं ना," त्या म्हणाल्या. "सुनावणीत ऐकायचं काम माझं असतं, काका."

सहा पानांत मला हे सुचलं नव्हतं. सुनावणी या शब्दाचा अर्थ मी जन्मभर उलटा धरून चाललो होतो. आपण जाऊन हात बांधून साहेबांचं ऐकायचं, ती सुनावणी.

मॅडमनी टाइप केलेला आदेश मधोमध फाडला आणि उद्या अकरा वाजता झाडाखालीच ऐकू, असं भुजंगरावांना सांगितलं. मी दारातून परत वळलो. "मॅडम, तिथं अर्जदाराचं नाव वाचलंच पाहिजे का?"

"पाहिजे ना. समोरचा कोण आहे हे त्यांना कळायला नको?"

"काही ह..." मी म्हणालो आणि जीभ चावली.

शुक्रवारी अकराला झाडाखाली अर्धा बाजार जमला होता. भुजंगराव रजिस्टर घेऊन उभे. शेठ धुतलेल्या सदऱ्यात. फरजाना डबा घेऊन लवकरच आलेली. मॅडमना खुर्ची आणायला कुणी धावलं, तोवर त्या तिथल्याच एका पत्र्याच्या पेटीवर बसल्या. मग उठून लालमियाँच्या डाव्या बाजूला गेल्या, कानाशी वाकल्या आणि ओरडल्या, "चाचा, तुमचं म्हणणं सांगा!"

लालमियाँनी हातोडा खाली ठेवला. आता नालायक येणार, बाप येणार, शरम येणार, म्हणून मी डोळे मिटून घेतले. त्यातलं काही आलं नाही.

"म्याडम, उन्हात पत्रा हातात धरवत न्हाई, ते तर तुम्हाला समजंन. पन दुसरी बात हाय." त्यांनी समोरचा नवा पत्रा सपाट केला. "हे बघा. चिंचेतून ऊन आलं की पत्र्यावर असे ठिपके पडतेत. मला ऐकू येत न्हाई. मागून गिऱ्हाईक हाका मारून वापस जायचं, मला पताच न्हाई लागायचा. मंग एक दिवस समजलं, कोनी मागं येऊन हुभं राह्यलं की ठिपके बुजतेत. तवा मी वर बघतो. तीस साल झाले, मी असाच धंदा करून राह्यलो. हा कान गेला तर वरच्या मालकानं त्याच्या जागी हे झाड देलं. बस, एवढंच."

आम्ही सगळ्यांनी पत्र्याकडे बघितलं. खरंच, सगळा पत्रा उन्हाच्या बारीक ठिपक्यांनी भरलेला होता आणि वारा आला की ते हलत होते. मी तीस वर्षं त्या रस्त्यानं दूध आणतो. लालमियाँ दरवेळी मान वर करून मला हात करायचे आणि मला वाटायचं, यांना बरोबर कसं ऐकू येतं! माझ्या सहा पानांत यातलं एक अक्षर नव्हतं.

भुजंगराव थांबले होते. "ठिपके लिहू का, मॅडम?"

"ठिपके पहिले लिहा," मॅडम म्हणाल्या.

मग त्यांनी शेठनाही विचारलं, तितकाच वेळ देऊन. शेठनी बोर्डाकडे बघितलं, पत्र्याकडे बघितलं, आणि म्हणाले की बोर्ड हातभर पुढं घ्यायची परवानगी मिळाली तर 'राधेश्याम' पूर्ण दिसंन, बाकी काही नाही.

"आता अर्जदार," मॅडम म्हणाल्या आणि माझ्याकडे बघितलं.

मी लालमियाँच्या डाव्या बाजूला गेलो. मी त्यांच्या कानाशी तोंड नेलं आणि जेवढा आवाज होता तेवढा काढून ओरडलो, "लालमियाँ, तो अर्जदार मी आहे!"

"मालूम हाय," लालमियाँ म्हणाले.

स्टँडवरच्या एसटीनं तेवढ्यात हॉर्न दिला, नाहीतर माझ्या तोंडून काय निघालं ते भुजंगरावांनी लिहून घेतलं असतं.

मॅडमनी ओरडून विचारलं की फक्त ती एक फांदी छाटली तर चालेल का. लालमियाँ उठून झाडाखाली फिरले, वर बघितलं, हातानं माप घेतलं. "तिची सावली माझ्यावर पडतच न्हाई, सरांच्या गच्चीवर जाते. काढा. काही हरकत न्हाई."

भुजंगरावांचं पेन हवेतच राहिलं. त्यांनी माझ्याकडे बघितलं, मॅडमकडे बघितलं. मॅडमनी तेच तीन वेगवेगळ्या तऱ्हांनी विचारून घेतलं आणि मगच म्हणाल्या, "आता लिहा."

माणसं पांगली. मॅडमची गाडी गेली. फरजाना डबा ठेवून, माझ्याकडे न बघता, निघून गेली. मी तिथंच उभा. शेवटी वाकून विचारलं, "माहीत होतं तर हरकत लिहायला माझ्याकडंच कशाला आलात?"

"हरकत तर फरजाना बी लिव्हती. पहिल्याच दिशी तिनं नाव वाचून दावलं. घरात समदे म्हनले, सरांचं तोंड पाहू नका. मी म्हनलो, पहिलं त्यांना विचारू तर द्या. मी तुमचं ऐकाया आल्तो, सर. चार दिस बसलो. तुम्ही बोललेच न्हाई."

मॅडमना हे नियमानं करावं लागतं. ऐकून घेतल्याशिवाय त्यांना सही करता येत नाही. लालमियाँवर कुठला नियम नव्हता, शिक्का नव्हता, मुदत नव्हती. आणि ज्याला धड ऐकूही येत नाही असा माणूस निकाल द्यायच्या आधी चार दिवस माझं ऐकायला माझ्या दारात येऊन बसला होता. मी त्याला चहा पाजला आणि सरकारी भाषा लिहून दिली. मला रडू आलं, आणि ते लपवायला तिथं काही नव्हतं.

लालमियाँनी मॅडम बसल्या होत्या ती पेटी पायानं माझ्याकडे सरकवली. "बसा."

मी बसलो. त्यांनी हातोडा बाजूला ठेवला, मान वळवली आणि डावा कान माझ्याकडे केला.

"हां. आता बोला."

मी घसा खाकरला आणि सगळा बाजार ऐकेल एवढ्या मोठ्यानं, पट्टीपासून सुरुवात केली.